सुमनबाईचं अंगण, चाळीस मिनिटं

८ डिसें.
पाड्यावर येऊन सतरा दिवस. माहितीपटाचा नेम तोच. दहाला कॅमेरा सुमनबाईच्या अंगणात, एकच चौकट, चाळीस मि. हलवायचा नाही, प्रश्न विचारायचे नाहीत. ती तांदूळ पाखडते, मी बघते. समोर, चौकटीबाहेर, तिच्या थोरल्या बहिणीचं, मार्थाचं घर. ती लग्नानंतर ख्रिस्ती झाली. घराला लागून पत्र्याचं प्रार्थनाघर. दोघी मीठ-मिरची एकमेकींकडूनच नेतात.

१० डिसें.
खाली नवापूरला सभा. धर्म बदलला त्या आदिवासींच्या सवलती काढा, म्हणे. सुमनबाईचा दीर दिलीप झेंडा घेऊन पुढे. तोच मला रोज चहा आणून देतो.
आईचा फोन. "तुले काय गरज शे तठे ऱ्हावानी? घर ये." मी विषय बदलला.

१३ डिसें.
दहा वीसला झालं. टेम्पो भरून बाहेरची माणसं, पाड्यातलेही काही. प्रार्थनाघराचे पत्रे उचकटले. मार्थाचा नवरा याकोब आडवा गेला, त्याचा हात मोडला.
मी कॅमेरा वळवला नाही. हेडफोन लावून बसून राहिले. सुमनबाई सूप टाकून धावली. रिकाम्या चौकटीत कोंबड्या आल्या, तांदूळ खात राहिल्या. अकरा मि.
शॉट अप्रतिम आहे. हे लिहिताना स्वतःची किळस येते.

१४ डिसें.
सगळं परत पाहिलं. एकही चेहरा नाही. पण आवाज स्वच्छ. धावण्याआधी सुमनबाई ओरडते, "दिलीप! नको रे, माझी बहीण आहे तिथं!"
पोलिसांना सुमनबाईने सांगितलंय, "मी कोणालाच पाहिलं नाही." मीही त्यांना एवढंच सांगितलं, चित्रात कोणी नाही.

१५ डिसें.
दवाखान्यात गेले. याकोबकाका भिंतीकडे तोंड करून. मार्थाने विचारलं, काही आलं का कॅमेऱ्यात? खोटं बोलवेना, सांगून टाकलं. ती म्हणाली, "मग दे ना पोलिसांना. आमचं कोण ऐकतं?"
दिलं तर सुमनबाईला साक्षीला उभं करणार. राहायचं तिला दिलीपच्याच घरात.
नाही दिलं तर याकोबकाका आपसूक पडले, हे पोलिसांनी लिहिलेलंच कागदावर राहील.

१६ डिसें.
पोलीस ठाण्यातून जमादाराचा फोन. "मॅडम, उद्या अकराला येतो, मेमरी कार्ड काढून ठेवा. चित्रात कोणी नाही म्हणता, मग अडचण काय?"
चहा बंद झालाय. दिलीप समोरून गेला, बघितलंही नाही. भीती वाटते. कॅमेरा न वळवायचा नियम माझा, भोगायचं सुमनबाईनं.

१७ डिसें.
आठ वाजता सुमनबाई स्वतःच आली. मार्थाने तिला सांगितलंय. वाटलं, पुसून टाक म्हणेल. म्हणाली, "ऐकव."
हेडफोन लावून दिले. शेवटपर्यंत ऐकलं, कोंबड्यांसकट. मग काढून मांडीवर धरून बसली.
"मी एवढ्या जोरात ओरडले होते?"
हो म्हटलं.
"मग त्याला ऐकू गेलं असेल."
मी कॅमेरा बंद केला.
"ऐकूनसुद्धा थांबला नाही," म्हणाली, आणि उठून गेली. कार्डाचं काय करू, हे विचारायचं राहूनच गेलं.
पावणेअकरा. खाली वळणावर जीपचा आवाज येतोय. कार्ड अजून कॅमेऱ्यातच आहे.