आमच्या एरियात ब्लॅकआउट

नागपूर,
६ मार्च २००७

चि. प्रफुल्ल यास,
जयभीम आणि अ. उ. आ.

इकडे सर्व ठीक. फोनवर मला अर्धंच ऐकू येतं आणि उरलेलं अर्धं तुझी आई तिच्या मनाने सांगते, म्हणून महत्त्वाचं काही असलं की मी पत्रच लिहितो. महत्त्वाचं असं की परवा जान्हवीचा फोन आला होता. बोलता बोलता तिने आजीला सांगितलं की आमच्या एरियात ब्लॅकआउट आहे. एवढं ऐकलं आणि तुझ्या आईचा चेहरा उतरला. तेव्हापासून घरात दुसरा विषय नाही.

तू लहान होतास, पण एकाहत्तर साल तुला थोडं आठवत असेल. अंबरनाथला फॅक्टरीच्या क्वार्टरमध्ये आपण खिडक्यांच्या काचांना काळा कागद चिकटवला होता. तू तो नखाने खरवडून चंद्र बघायचास आणि मार खायचास. भोंगा झाला की आई तुला पोटाशी धरून कॉटखाली बसायची. तिच्या लेखी ब्लॅकआउट म्हणजे लढाई. सिंगापूरवर कोण चालून आलंय, असं तिने मला विचारलं. पेपरात तसं काही नाही म्हटलं, तर म्हणाली, पेपरवाले लपवतात.

दुसरी गोष्ट तिने मला उशिरा सांगितली. जान्हवीने इंजिनिअरिंगची सीट वर्षभर पुढे ढकलून क्लबकडून बास्केटबॉल खेळायचं ठरवल्यापासून तू पोरीशी बोलत नाहीस, असं सूनबाईंनी कळवलंय. एका फ्लॅटमध्ये राहून? मी तुझी बाजू घेत नाही आणि तिचीही नाही. पण अबोला हे काही आपल्या घरचं वळण नव्हे. आपण भांडतो, तेही दारं उघडी ठेवून, शेजाऱ्यांना ऐकू जाईल असं.

लढाई नसेल तर लगेच कळव. असेल तर कळवत बसू नकोस, सगळ्यांना घेऊन सरळ ये. तिघांवरही जीव आहे, हे वेगळं लिहायला नको.

तुझा,
बाबा


हौगांग, सिंगापूर,
१७ मार्च २००७

ती. बाबांना,
सविनय जयभीम. वि. वि.

आईला म्हणावं, लढाई नाही, दिवे आहेत, पंखे फिरतायत आणि सविता खालच्या मार्केटमधून मेथी समजून भलतीच कसलीतरी जुडी घेऊन आली आहे. ब्लॅकआउट फक्त टीव्हीवरच्या बास्केटबॉलचा आहे.

त्याचं असं की जान्हवीच्या क्लबची मॅच एक स्पोर्ट्स चॅनल सगळ्या आशियात दाखवतं. पण ज्या गावात मॅच असेल ते गाव वगळून. माझ्याबरोबर काम करणारा एक अमेरिकन म्हणतो, त्यांच्याकडे ही जुनीच पद्धत आहे. क्लब चालतो तिकिटांवर. घरबसल्या फुकट दिसायला लागलं तर तिकीट काढून हॉलमध्ये कोण येणार? म्हणून क्लब आणि चॅनल यांच्यात करारच असतो की हॉलच्या आसपासच्या भागात मॅच दाखवायची नाही. काही ठिकाणी तर तिथल्या स्थानिक चॅनलने त्या भागापुरते हक्क विकत घेतलेले असतात, म्हणून बाहेरच्या चॅनलला तिथे मनाई. थोडक्यात, लांबच्यांनी टीव्हीवर बघावं, जवळच्यांनी उठून यावं. आता सिंगापूर एवढंसं की इथे ‘एरिया’ म्हणजे अख्खा देश. त्यामुळे मुलगी बँकॉकला खेळली तर आम्हाला दिसते आणि हौगांगला खेळली तर दिसत नाही.

हॉल आमच्या घरापासून चालत जाण्यासारखा आहे. मॅचच्या संध्याकाळी सविता जाते. मी टीव्ही लावतो तर निळा पडदा, त्यावर इंग्रजीत दिलगिरीची एक ओळ, आणि मागे कसलंतरी हलकं संगीत. मी तो निळा पडदाच बघत बसतो. मग कॉरिडॉरमध्ये येऊन उभा राहतो. आमच्या मजल्यावरून त्या हॉलचं छप्पर दिसतं. आत दिवे असले की ते कडेने पिवळं होतं. मधूनच गलका उठतो आणि समोरच्या ब्लॉकांच्या भिंतींवर आपटून माझ्यापर्यंत येतो, तो इतका मऊ होऊन की कोणी झोपेत बोलतंय असं वाटावं. त्यात माझी पोर आहे हे खरंच वाटत नाही.

तुम्ही म्हणाल, मग जात का नाहीस. बाबा, हातातलं पुस्तक खाली ठेवायचं नाही हे तुम्हीच मला शिकवलंत. आपल्या घरात सीट मिळणं ही काय गोष्ट आहे हे तुम्हाला सांगायला हवं का? ती सीट बाजूला ठेवून पोरगी चेंडूमागे धावते आणि मी टाळ्या वाजवायच्या, हे माझ्याच्याने होणार नाही. मी तिच्या बाहेरगावच्या मॅच बघतो, पण आवाज बंद करून आणि घरात कोणी नसताना. हे सविताला सांगू नका.

आईला आणि तुम्हाला नमस्कार. माझ्यावर रागावलात तरी चालेल, पण लिहीत राहा.

तुमचा,
प्रफुल्ल


नागपूर,
२९ मार्च २००७

चि. प्रफुल्ल यास,
जयभीम आणि अ. उ. आ.

तुझं पत्र आईला वाचून दाखवलं. लढाई नाही म्हटल्यावर तिला बरं वाटलं, पण जरा विरसही झाला. तुम्ही सगळे कायमचे परत येणार म्हणून तिने गाद्या उन्हात घातल्या होत्या.

आता ऐक. केबलवाल्या प्रतापला गाठून ते चॅनल लावून घेतलं आणि रविवारी आम्ही तुझ्या हौगांगची मॅच बघितली. तुमची संध्याकाळ होती, आमचं अजून ऊन होतं. पडदे ओढून घेतले तेव्हा चित्र नीट दिसलं. आपली जान्हवी पिवळ्या बनियनमध्ये, केस करकचून बांधलेले, आणि पाय असे पडत होते की जमिनीला लागतायत की नाही कळू नये. आईला त्या खेळातलं काही कळत नाही. जाळीला बूड नाही, मग त्यात टाकून उपयोग काय, असं तिचं म्हणणं आहे. पण पोरीने चेंडू टाकला की ती उठून उभी राहायची, आणि चेंडू नाही पडला तरी उभीच राहायची.

एकदा कॅमेऱ्याने माणसं दाखवली. त्यात सूनबाई दिसल्या. शेजारची खुर्ची रिकामी होती आणि त्यांनी तिच्यावर पर्स ठेवली होती. कोणी बसायला आलं की त्या पर्सवर हात ठेवायच्या. आई म्हणाली की ती जागा कोणाची आहे हे मला विचारू नका.

तुझ्या त्या अमेरिकन मित्राला माझा जयभीम सांग. तो नियम ज्याने काढला तो शहाणा माणूस असावा. समुद्रापलीकडच्या म्हाताऱ्यांना दिसतं आणि भिंतीपलीकडच्या बापाला दिसत नाही, यात मला तरी काही अन्याय वाटला नाही. पुस्तक खाली ठेवू नकोस असं मी म्हणालो होतो, खरंय. पण पुस्तकावरून मान वर करायची नाही, असं मी कधी म्हणालो रे? आणि सीट वर्षभर थांबणार आहे, तिच्या हातात तसं लेखी आहे. पोरीचं एकोणिसावं वर्ष थांबणार आहे का, तेवढं विद्यापीठाला विचारून घे.

तिच्याशी बोल. आईचा निरोप, जेवत जा वेळेवर. आम्ही आहोत तिथूनच तुझी काळजी करत असतो, ती पोचते असं समजतो.

तुझा,
बाबा


हौगांग, सिंगापूर,
१६ एप्रिल २००७

ती. बाबांना,
सविनय जयभीम. वि. वि.

जे केलं ते कोणाला सांगावं कळेना, म्हणून तुम्हाला लिहितो आहे. हसायचं असेल तर हसा.

तुमच्या पत्रातली ती खुर्ची डोक्यातून जाईना. शनिवारी पुन्हा इथेच मॅच होती. जाऊन त्या खुर्चीत बसावं तर हरल्यासारखं वाटत होतं, आणि न बघता राहवत नव्हतं. मग आठवलं की ब्लॅकआउट सिंगापूरपुरता आहे. पाण्यापलीकडे जोहोर बाहरू म्हणजे मलेशिया, तिथे दिसणार. आमच्या ऑफिसचं एक युनिट तिथे असल्यामुळे व्हिसा होताच. घरात सांगितलं की काम आहे. एमआरटीच्या, म्हणजे इथल्या लोकलच्या, गाड्या बदलत उत्तर टोकाच्या क्रांजीला गेलो, तिथून बस, मग पुलावरची ती रांग आणि दोन्हीकडचे शिक्के. घराजवळच्या हॉलमध्ये खेळणारी मुलगी बघायला मी दुसऱ्या देशात गेलो, बाबा.

तिथे पाण्याच्या कडेला एक चहाचं दुकान सापडलं. मालकाने मॅच लावून दिली आणि चहा उंचावरून ओतत माझ्या टेबलावर आणला. संध्याकाळ होत होती. पाण्यापलीकडे सिंगापूरचे दिवे एकेक लागत होते आणि माझ्यासमोरच्या पडद्यावर, त्याच दिव्यांमधल्या कुठल्यातरी एका छपराखाली, माझी मुलगी धावत होती. पाणी, दिवे, ती, सगळं एकाच वेळी जवळ आणि लांब. मला वाटलं मी झोपलोय आणि हे मला कोणीतरी दाखवतंय. पहिल्यांदाच आवाज चालू ठेवून बघितलं. तिचं नाव परक्या माणसाच्या तोंडून ऐकलं आणि अंगावर काटा आला. ती सुंदर खेळते. मला हे माहीतच नव्हतं, कारण मी आतापर्यंत फक्त रागाने बघत होतो.

आणि ती पडली. कोणाच्या तरी पायात पाय अडकून आडवी झाली. त्याच क्षणी दुसऱ्या कोणीतरी चेंडू उचलला आणि कॅमेरा चेंडूबरोबर निघून गेला. मी उभा राहून त्या टीव्हीला मराठीत ओरडलो की मागे फिरा, मागे फिरा. दुकानातले सगळे माझ्याकडे बघायला लागले. तिकडे टाळ्या पडल्या, मग जाहिराती लागल्या. परत चित्र आलं तेव्हा ती मैदानात नव्हती.

सविताचा फोन हॉलमध्ये बंद असतो. पुलावर शनिवारची गर्दी, बस हलेना. शेवटी उतरून चालायला लागलो. खाली काळं पाणी, बाजूने मोटरसायकलींचा धूर, आणि मी मध्ये. पोर कुठेतरी पडली आहे आणि बाप पासपोर्ट हातात धरून रांगेत उभा आहे. माझी मलाच इतकी लाज कधी वाटली नव्हती.

घरी पोचलो तेव्हा ती सोफ्यावर पाय वर करून झोपली होती. घोटा मुरगळलाय, मोडलेला नाही. बर्फाचा पंचा खाली घसरला होता, तो सारखा केला आणि तिथेच बसून राहिलो. ती जागी झाली नाही. पुढच्या मॅचचं तिकीट मी काढलं आहे, आणि अजून तिला सांगितलेलं नाही.

तुम्ही दोघं तब्येतीला जपा. आणि माझ्यासाठी थोडी माया राखून ठेवा, मला लागणार आहे.

तुमचा,
प्रफुल्ल


हौगांग, सिंगापूर,
३० एप्रिल २००७

प्रिय आजोबा आणि आजी,
जयभीम!

मी मराठीत लिहिते आहे आणि मम्मी शेजारी बसून ऱ्हस्व-दीर्घ बघते आहे, म्हणून चुका राहिल्या तर तिच्या.

तुम्ही रविवारी टीव्ही लावला असेल आणि मी दिसलेच नसेन. सॉरी. पाय अजून दुखतो, म्हणून कोचने मला पूर्ण वेळ बेंचवर बसवलं. टीव्हीवर बेंच दाखवत नाहीत. मी सगळ्यांना पाणी देत होते आणि टॉवेल गोळा करत होते, आणि वर बघितलं तर मम्मीच्या शेजारी पप्पा! मला आधी वाटलं दुसरेच कोणी अंकल आहेत. इस्त्रीचा शर्ट, ऑफिसला जातात तसे.

आजी, मला इतकं वाईट वाटलं. इतक्या मॅचनंतर ते आले, आणि त्याच दिवशी मी खेळत नाही. मी कोचला म्हटलं की दोन मिनिटं तरी पाठवा, पण ते म्हणाले नाही म्हणजे नाही, ला. (इथे सगळे वाक्याच्या शेवटी असा ‘ला’ लावतात.) मग मी मान खाली घालूनच बसले. कधीतरी वर बघितलं की पप्पा माझ्याकडेच बघत असायचे. सगळे उठून ओरडले की ते बाजूला झुकून, माणसांच्या मधून, बेंचकडे बघायचे. मी हसले तर त्यांनी हात वर केला, आणि तो खाली घ्यायचा विसरले.

नंतर आम्ही तिघं चालत घरी आलो. मी हळू चालत होते, म्हणून तेही हळू चालत होते. ब्लॉकच्या खाली आल्यावर पप्पांनी विचारलं की पाय कसा आहे. मी म्हटलं, बरा आहे. मग त्यांनी विचारलं की मॅच कोण जिंकलं.

तुमची खूप आठवण येते. तुम्हा दोघांना घट्ट मिठी, आणि माझ्यावरचं प्रेम आहे तसंच ठेवा.

तुमची,
जान्हवी