झाकलेल्या पानाभोवतीची धूळ

किल्लेदारीणबाई,

गल्लीने तुला दिलेले हे नाव तू हसण्यावारी नेत असस. मी मात्र ते पूर्ण उच्चारून या दस्ताची सुरुवात करीत आहे, कारण यात जे वाटून द्यायचे आहे त्याचा निम्म्याहून अधिक भाग तुझा आहे आणि जे राखायचे आहे ते तर सर्वस्वी तुझेच.

मी, तुझा पती, वजनमापे खात्याचा निवृत्त निरीक्षक, आज पूर्ण भानावर असून, कोणाच्या धाकाने, भिडेने अथवा गोड बोलण्याने नव्हे तर स्वतःच्या इच्छेने हे मृत्युपत्र स्वहस्ते लिहीत आहे. उद्या माझ्या हृदयावर शस्त्रक्रिया व्हायची आहे. डॉक्टर म्हणाले, "काळजीचं काही कारण नाही." सारा जन्म मी तराजू तपासण्यात घालवला. "काटा अगदी बरोबर आहे, साहेब," असे दुकानदार ज्या सुरात म्हणत, तो सूर मला ओळखता येतो. म्हणून हे लेखन आजच.

कलम १. माझी बँकेतील सर्व शिल्लक, निवृत्तिवेतनाची थकबाकी निघाल्यास तीही, माझ्या एकुलत्या एक कन्येस मिळावी. तिने त्यातून स्वतःसाठी चांगले जोडे घ्यावेत. दुकानात दिवसभर उभे राहून तिचे पाय दुखतात आणि ती ते सांगत नाही, इतकेच एक गुपित तिला आजवर राखता आले आहे.

कलम २. पितळी वजनांचा संच, मखमली खणाच्या पेटीसह, गल्लीतल्या घड्याळजींना द्यावा. माझा काटा मंद आहे असे ते मला वर्षानुवर्षे ऐकवत आले. आता खात्री करून घ्यावी. लाभार्थी असल्यामुळे त्यांना या दस्तावर साक्षीदार होता येत नाही, याचा त्यांना राग आला आहे. तोही त्यांच्याकडेच राहू द्यावा.

कलम ३. डाव्या बाजूच्या शेजाऱ्यांनी आमची शिडी नेली ती परत केली नाही, आणि एके सकाळी चकार शब्द न काढता त्यांचे घर ठेकेदाराला विकले. शिडी परत मागू नये. ती टेकवायला त्यांना आता भिंत उरलेली नाही.

कलम ४. हे कलम दुकानाविषयी आहे आणि ते सविस्तर लिहिणे भाग आहे.

खाली दुकान व वर दोन खोल्या ही वास्तू तुझ्या वडिलांनी तुला व तुझ्या धाकट्या भावास, म्हणजे माझ्या मेहुण्यांस, समाईक ठेवली. दुकानात 'वेढा' या खेळाच्या पानांची बंद पाकिटे विकली जातात. पाकिटात काय निघेल ते उघडेपर्यंत कळत नाही. निघालेली पाने मुले-माणसे आपसांत बदलतात, आपापला संच जमवतात आणि मागच्या खोलीतील टेबलावर येऊन खेळतात. आज ते दुकान कन्या चालवते. तिची मिळकत तेवढीच आणि छप्परही तेवढेच. मेहुण्यांना वास्तू ठेकेदाराला द्यायची आहे. दोन्ही बाजूंची घरे त्याने पाडली आहेत. दिवसभर घण पडतात, कपाटातील काचा थरथरतात, आणि मागच्या खोलीच्या भिंतीला गेलेला तडा आता छतापर्यंत पोचला आहे.

तुम्हा बहीणभावांत लहानपणापासून एक रीत होती. भांडण मिटले नाही की वेढ्याचा डाव मांडायचा आणि हरेल त्याने मुकाट्याने ऐकायचे. दुकानाचाही निवाडा तसाच करायचे ठरले. भाऊ जिंकला तर तुझी विक्रीला संमती, तू जिंकलीस तर त्याचा हिस्सा भाचीच्या नावे. दोन्ही कागद सह्यांनिशी वकीलबाईंकडे आहेत. मी आक्षेप घेतला होता. तू म्हणालीस, "अहो, तो बाकी सगळीकडे शब्द फिरवील, पण पटावर हरलेला डाव त्याने कधी नाकारला नाही. मला तेवढं एकच दार माहीत आहे त्याचं."

हा खेळ न जाणणाऱ्या वाचकासाठी थोडे स्पष्टीकरण. चढाईची पाने शत्रूचा तट पाडतात, तटाची पाने चढाई झेलतात. याखेरीज प्रत्येक खेळाडूस आपल्या दारापाशी एक पान पालथे ठेवता येते. शत्रूने दारावर चढाई केली तरच ते उलटायचे. ते घातक असेल तर चढाई करणारा तिथेच संपतो, निरुपयोगी असेल तर दार पडते. बहुतेक खेळाडू हाती लागेल तो तट उंच करीत बसतात. तुझी पद्धत निराळी होती. तू मुद्दाम एक बाजू उघडी ठेवीस, उत्तम पाने हातात राखीस, शत्रूला लहानसहान चढायांत दमवीस आणि मग दारापाशी एक पान पालथे घालून निवांत बसस.

"ताई, तू खेळत नाहीस, नुसती बसून राहतेस," असे मेहुणे चिडून म्हणाले, तेव्हा मी चहा घेऊन तिथेच उभा होतो.

"बसायला जागा लागते रे. तीच राखतेय," तू म्हणालीस.

त्याच डावात तू दारापाशी पान झाकलेस आणि छातीवर हात धरून उठलीस. तुझा चेहरा पांढरा पडला होता. तरी दारातून वळून तू भावाला बजावलेस, "तुझी खेळी आहे. चढाई कर, नाहीतर विचार कर. पानाला हात लावायचा नाही."

तू परत आली नाहीस.

तो डाव आजही टेबलावर जसाच्या तसा आहे. मेहुण्यांकडे वडिलांच्या वेळेपासूनची दुकानाची किल्ली आहे. दर गुरुवारी ते येतात, खिशातून रुमाल काढून टेबलाची आपली बाजू झटकतात आणि त्या पालथ्या पानाकडे पाहत बसतात. चढाई करीत नाहीत. ते खोलीत असले की कन्या बाहेरच्या दुकानातला दिवा विनाकारण लावते.

"भाऊजी, गेलेल्या माणसाशी डाव कसा खेळायचा? मिटवा आता."

"मिटवणे आपल्याच हाती आहे. चढाई करा."

"तुम्हाला माहीत आहे ना कुठलं पान आहे ते?"

"नाही."

"शपथेवर?"

"मी शपथ न घेताही खोटे बोलत नाही. हे आपल्या बहिणीचे माझ्याविषयीचे गाऱ्हाणेच होते."

ते हसले. मागच्या गुरुवारी मात्र हसले नाहीत. उठताना तडा गेलेल्या भिंतीवर तळहात ठेवून म्हणाले, "शस्त्रक्रियेला भाची बरोबर येणारच. म्हणजे दुकान रिकामं. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच, नाही का?" मी होय म्हणालो. कन्येने ते ऐकले आणि विकायच्या पाकिटांचा गठ्ठा तिच्या हातून निसटला.

तेव्हा माझ्या पश्चात पुढीलप्रमाणे व्हावे.

वास्तूतील तुझ्याकडून मला आलेला सर्व हिस्सा कन्येस मिळावा. डाव मोडू नये. तुझ्या हातातील उरलेली पाने पाकिटात घालून मी वकीलबाईंच्या स्वाधीन केली आहेत. ती कोणी मोजू नयेत, म्हणजे झाकलेले पान कोणते याचा हिशेब कोणास करता येणार नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची, हे सांगायला खेळ शिकावा लागत नाही. कन्येने तुझ्या खुर्चीत बसावे, पण पान पाहू नये. तिच्या चेहऱ्यावर सगळी पाने उघडी असतात आणि तिचा मामा ती वाचून मोठा झाला आहे.

मेहुण्यांनी रीतसर चढाई केली तर पान सर्वांसमक्ष उलटावे आणि निघेल तो निकाल कन्येने मान्य करावा. तिने रडू नये. रडायचे असल्यास वरच्या खोलीत.

कलम ५. मागच्या खोलीतील टेबल पुसू नये.

या कलमाचे कारण कन्येस ठाऊक नाही. "बाबा, टेबल पुसू का?" असे ती विचारते, मी नको म्हणतो, आणि हे माझे दुःख आहे असे समजून ती फडके घडी करून ठेवते. दुःख आहेच. पण कारण वेगळे आहे आणि हे मृत्युपत्राचे पाकीट माझ्या मृत्यूनंतरच उघडायचे असल्याने येथे लिहिण्यास हरकत नाही.

रुग्णालयात तू मला जवळ बोलावलेस. मी पानाविषयी विचारणार इतक्यात म्हणालीस, "विचारू नका. तुम्हाला विचारलं की तुम्ही सांगून मोकळे व्हाल." मग म्हणालीस, "लहानपणी तो माझं झाकलेलं पान चोरून बघायचा. दर डावात. म्हणून आमच्या वडिलांनी घरचा नियम केला. चढाई न करता दुसऱ्याच्या पानाला हात लावला की डाव तिथंच हरला. त्याला चढाईची हिंमत व्हायची नाही, आणि बघितल्याशिवाय चैन पडायचं नाही. पान कुठलंही असू दे, अहो. तुम्ही फक्त टेबल पुसू नका."

मी तेव्हा समजलो नाही. ठेकेदाराने शेजारची भिंत पाडली आणि खिडकीच्या फटीतून विटांची तांबूस धूळ आत येऊ लागली, तेव्हा समजलो. ती टेबलावर, पानांवर आणि झाकलेल्या पानाच्या चारी कडांना सारखी बसली आहे. पान केसभर उचलले तरी तिथे स्वच्छ कड उमटेल, आणि पुन्हा तशी धूळ कोणास हाताने पसरता येणार नाही. मी स्वतः करून पाहिले आहे, दुसऱ्या टेबलावर, दुसऱ्या पानावर. मेहुणे त्या धुळीकडे दर गुरुवारी पाहतात म्हणून ती त्यांना दिसत नाही. शिवाय ती त्यांनीच आणलेल्या ठेकेदाराची आहे.

म्हणून माझ्यानंतर दुकान प्रथम वकीलबाईंनी उघडावे. मेहुणे व दोन्ही साक्षीदार हजर असावेत, आणि कोणीही टेबलाजवळ जाण्यापूर्वी दिवा तिरपा धरून पानाच्या कडा पाहाव्यात. धूळ अखंड असेल तर डाव पुढे चालू, खेळी मेहुण्यांची. मोडली असेल तर हे कलम मोठ्याने वाचून त्यांना एवढेच विचारावे की वडिलांचा नियम आठवतो का. ते पटावर खोटे बोलणार नाहीत, असे तू म्हणालीस. माझा यावर विश्वास नव्हता. तुझ्यावर आहे.

कलम ६. माझ्या देहाचे कन्येस योग्य वाटेल ते करावे. माझा चष्मा तुझ्या चष्म्याच्या खणात ठेवावा.

हे मृत्युपत्र मी दुकानाच्या मागच्या खोलीत, त्या टेबलापासून दूर, उभ्याने फळीवर कागद ठेवून लिहिले व खालील दोघांसमक्ष सही केली. त्यांनी मला सही करताना पाहिले, मजकूर वाचलेला नाही.

मृत्युपत्र करणार : (सही) किल्लेदारीणबाईंचा पती
साक्षीदार : (सही) चौकातील चष्मेवाले
साक्षीदार : (सही) समोरच्या छापखान्याच्या मालकीणबाई
स्थळ : दुकान, मागची खोली
दिनांक : गुरुवार, वकीलबाईंच्या शिक्क्यात उमटला आहे तो

पाकीट बंद करण्यापूर्वी वकीलबाईंच्या कचेरीत केलेली पुरवणी नोंद, त्याच साक्षीदारांसमक्ष :

निघताना टेबलावरील धूळ मी खाली वाकून पाहिली. अखंड होती. खिडकी लावली, फट तशीच ठेवली, दुकानास कुलूप लावले. मेहुणे बोलावल्याप्रमाणे इथे कचेरीत आले होते. कन्येच्या सांगण्यावरून त्यांनी आपली किल्ली परत केली आणि म्हणाले, "घ्या भाऊजी, माझं आता तिथं काय काम?" दुकानास कुलूप लावले. माझी, कन्येची व मेहुण्यांची अशा सर्व किल्ल्या वकीलबाईंकडे जमा केल्या. माझी व कन्येची किल्ली वापराने झिजलेली आहे. मेहुण्यांनी परत केलेल्या किल्लीचे दाते नवे आहेत आणि कडेला कानशीचा चकचकीत कीस अजून लागलेला आहे. मी पोच लिहून दिली, जुनी किल्ली मागितली नाही.