ओठाला न चिकटलेली फिल्म

सोमवार, दिवेलागण

आज अण्णांना सांगायला हवं होतं. नाही सांगितलं.

अण्णांचं, माझ्या वडिलांचं, सगळं आयुष्य टॉकीजमध्ये सिनेमाचं मशीन चालवण्यात गेलं. फिल्म तुटली की कापून काढलेले तुकडे घरी आणून, जोडून त्यांनी एक रीळ केलं होतं. मी ते माझ्या प्रयोगासाठी मागितलं, तर म्हणाले, "घे की. लई दिवसांत कुणी बघितलं न्हाय." त्यांना वाटलं, पडद्यावर लावणार. मी ते टॉवेल रंगवायच्या कारखान्यातून आणलेल्या निळ्या पाण्यात आठ दिवस भिजत ठेवलं. चित्रं विरघळावीत, रंगाचे ओघळ उरावेत, हीच तर माझी फिल्म. विचारून घेतलं होतं, हे खरं. काय करणार ते सांगितलं होतं का पण?

मी दोरीवर वाळत टाकलेली त्या रिळाची एक पट्टी त्यांनी मघाशी उचलली. मोतीबिंदूमुळे दिसत नाही, म्हणून ओठ ओला करून ती ओठाला लावली. अंधाऱ्या केबिनमध्ये चित्राची बाजू ते अशीच ओळखायचे. तीच बाजू ओल्या ओठाला चिकटते, कोरी नाही. चिकटली नाही. उलटी करून लावली. तीही नाही. मग पुन्हा पहिली.

"माझाच ओठ कोरडा पडला असंल," म्हणाले आणि पट्टी जपून दोरीवर ठेवली.

आता समोर बसून चहा पितायत. ओठावर निळा डाग आहे. बशीच्या कडेलाही उमटलाय. मी केव्हाची रुमाल मांडीवर घेऊन बसलेय. पुसायला गेले, तर काय लागलंय म्हणून विचारतील.