गाण्यात राहून गेलेलं नाव

बाबा, काल रत्नागिरीत आमच्या बँडचा कार्यक्रम झाला. इतकी वर्षं गाणी लिहितेय, गातेय, चार अल्बम झाले, पण आपल्या गावात उभं राहायची हिंमत आत्ता कुठे झाली.

मला अजून नवल वाटतं ते तुमचं. दिवसभर बंदरावर मासळीसाठी बर्फ फोडायचात आणि त्याच बधिर हातांनी जाखडीच्या नाचगाण्यात उभे राहायचात. समोरच्या शाहिरानं गाण्यातून सवाल टाकला, की ढोलकीची दोन आवर्तनं होईस्तोवर तुमचा जबाब तयार, यमकासकट, चालीसकट. ना कागद, ना पेन्सिल. मला एका गाण्याला सहा महिने लागतात, आणि तेवढ्यात आमचा गिटारवाला तीनदा रुसतो. लोक मला प्रतिभावान म्हणतात तेव्हा हसू येतं. खरी प्रतिभा मी हातभर अंतरावरून पाहिली आहे.

मी दहा वर्षांची होते. मुलींनी जाखडीत गायचा रिवाज नसताना गौरी-गणपतीत तुम्ही मला आपल्या अंगणात पुढे उभं केलंत. शेवटच्या ओळीत गुरूचं नाव घ्यायचं, ही रीत. तुमच्या गुरूंच्या नावाची ती ओळ मी गायलीच नाही, आधीच थांबले. टाळ्या पडल्या. तुम्ही हात वर करून ढोलकी थांबवलीत. "इसरली पोर," लोकांना म्हणालात, आणि मग माझ्याकडे वळून, "गुरूचा नाव घेतल्याबिगर गाणा आपला होत नाय. पुन्ना गा." मी रडत रडत गायले.

ज्या गाण्यानं आमच्या बँडचं नाव झालं, त्याची चाल तुमची आहे, बाबा. समोरच्या शाहिराला गप्प करणारा तुमचा एक जबाब मी संथ केला, खाली ड्रम घातले आणि अल्बमवर लिहिलं, शब्द आणि संगीत माझं. काल ते गाणं सुरू झालं आणि अख्खं मैदान गाऊ लागलं. मी गायचीच थांबले. ज्या पोरांनी तुम्हाला कधी पाहिलं नाही, त्यांच्या तोंडी तुमची चाल होती.

नंतर तुमचे ढोलकीवाले काका काठी टेकत स्टेजमागे आले. वाटलं, आता झाडतील. त्यांनी डोक्यावर हात ठेवला. "चाल वळाकली मी. ब्येस गायलीस." मग म्हणाले, "पन शेवट ऱ्हायला."

आज सकाळपासून ती एक ओळ लिहितेय. आधी तुमच्या गुरूंचं नाव, मग तुमचं. आमच्या ठेक्यात बसता बसत नव्हती, आत्ता बसली. पुढच्या कार्यक्रमापासून ती गाईन, अल्बमवरही तुमचं नाव घालून घेईन. हा कागद गिटारच्या पेटीतच राहील, धाडणार तरी कुठे. फक्त एक सांगायचं राहिलंय. त्या दिवशी अंगणात मी विसरले नव्हते, बाबा. टाळ्या माझ्या एकटीसाठी पडाव्यात, असं मला वाटलं होतं.