आयूचं जॅकेट

शुक्रवार, रियाध. संध्याकाळ.

आयूचं जॅकेट डोक्यातून जातच नाही. आमच्या वॉर्डातली ही इंडोनेशियाची नर्स, वय चोवीस. आज सुट्टी म्हणून मला कॅफेत घेऊन गेली. ताडगुळाची एकच थंड कॉफी मागवायची आणि दोन तास गप्पा मारत बसायचं, ही या पोरींची चैन! पायात पांढरे स्नीकर्स, अंगात बाटिकचं जॅकेट. छान आहे म्हटलं, तर म्हणाली, "आईच्या लग्नातलं बाटिक आहे सिस्टर. शिंप्याकडून कापून शिवून घेतलं."

"आईचं लग्नातलं कापड कापलंस?" तोंडातून निघूनच गेलं.

ती हसली. "आईच म्हणाली, काप. पेटीत कुणाला दिसणार? आता दर शुक्रवारी व्हिडिओ कॉलवर ती हे जॅकेट बघते."

मला एवढा राग का यावा? तिचं कापड, तिची आई.

घरी आल्या आल्या बॅग काढली. तळाशी माझ्या आईची पैठणी. इथे आल्यापासून बारा वर्षं जिवापाड जपलेली, खराब होईल म्हणून एकदाही न नेसलेली. आज पलंगावर उलगडली, तर प्रत्येक घडीवर रेशीम चिरलेलं.

कात्री तर मी कधी लावलीच नव्हती.