सुनंदाच्या आवाजाची वाट

शेळगाव, ३ नोव्हें.
टक्… टक्… पहाटे स्वप्नातल्या त्याच आवाजानं जागा झालो. वालचंदनगरच्या कॉलनीतलं लाल मातीचं टेनिस कोर्ट. मी शाळेत मराठी शिकवणारा तरुण मास्तर आणि कारखान्यातल्या फिटरची सुनंदा भिंतीवर चेंडू मारतेय. दर फटक्याला कवितेचा एक तुकडा. मी बाकावरून ओरडायचो, "यती आला, थांब! श्वास घे!" ओळीत थांबायची जागा तिला अशी कळली. कविता पाठ झाली, खेळही. राज्य पातळीपर्यंत खेळली. पुढं रेडिओवर मराठीत टेनिसचं धावतं वर्णन करणारी पहिली बाई. चेंडू हवेत असला की गप्प. लोक म्हणायचे, काय ढंग आहे! मी मनात म्हणायचो, यती.
काय भाग्य माझं.

५ नोव्हें.
शेजारचा शब्बीर, मोबाईल दुकानवाला, बातमी घेऊन आला. सुनंदाच्या घशाचं ऑपरेशन झालंय. रविवारी पुण्यात टेनिसची फायनल. वर्णन ती करणार की नाही, कुणाला ठाऊक नाही.
"तात्या, आवाजच गेला तर बाईंनी करायचं काय वो?"
दुपारभर भुजंगप्रयात वृत्तातले श्लोक घोळवत पडलो. कुठं अडखळलो नाही. माझा एवढा आवाज राहिलाय, आणि तिचा…

७ नोव्हें.
उसावर तुरे आलेत. बाकी लिहिण्यासारखं नाही. रविवारची वाट.

९ नोव्हें., रवि.
शब्बीरनं मोबाईलवर सामना लावून दिला. बोलणारी कुणी तरुण पोर. सुनंदा नाही.
"बंद करू का, तात्या?"
"राहू दे."
चेंडू हवेत गेला. पोर गप्प. टप्पा पडला, मग बोलली.
शब्बीर मोबाईल हलवायला लागला. "रेंज गेली का काय?"
"रेंज हाय रे! पोरीला शिकवलंय कुणीतरी."
नकळत हात जोडले गेले.
तेवढ्यात कडी वाजली. शब्बीरनं दार उघडलं. बाहेर सुनंदा! पुण्यात असेल असं वाटलेली ती इथं. केस पिकलेले, गळ्याला रुमाल. वाकून पाया पडली. आवाज कसला, नुसती खरखर.
"सर, डॉक्टर म्हणतात, बोलायला नव्यानं शिका. म्हटलं, मग शेळगावलाच जायला हवं."
"बस," म्हणालो.
शब्बीरनं पाणी दिलंय. ती पितेय, तोवर हे लिहून घेतो. तिला सोपी जाईल अशी कुठली कविता…
पेला ठेवला तिनं. श्वास घेतेय.