मिल्का थळकर यांची एक शपथ आणि बाकीची मालमत्ता

मी, मिल्का एलायजा थळकर, वय सत्तर, सेवानिवृत्त परिचारिका, धर्माने यहुदी, बेने इस्राएल, मूळ राहणार थळ, तालुका अलिबाग, सध्या राहणार अंबड, जिल्हा जालना, माझी शेवटची इच्छा लिहून ठेवते. माझी बुद्धी शाबूत आहे. कोणत्याही माणसाने माझ्यावर दबाव आणलेला नाही. भीतीने आणलेला आहे, आणि तेही इथे लिहिले पाहिजे. माझी वकील नीला म्हणाली, "मावशी, असं लिहू नका, उद्या कोर्टात कोणी बोट ठेवील." मी म्हटले, तू माझ्या हातावर जन्मलीस तेव्हा तूही घाबरून रडत होतीस, तुझ्यावर कोणी बोट ठेवलं होतं का? मग तिने ते वाक्य राहू दिले.

भीती कशाची ते सांगते. माझ्या डोक्यात, डाव्या कानाच्या वर, गाठ आहे. येत्या गुरुवारी संभाजीनगरच्या दवाखान्यात ती काढणार आहेत. डॉक्टर सभ्य माणूस आहे. त्याने खुर्ची पुढे ओढली आणि सांगितले की जीव बहुधा वाचेल, पण बोलणे जाऊ शकते. मी स्वतः छत्तीस वर्षे अशीच खुर्ची पुढे ओढून लोकांना सांगत आले, त्यामुळे 'बहुधा' म्हणजे किती ते मला कळते. शब्द आताच जायला लागले आहेत. परवा दुकानात उभी राहिले आणि साबणाला साबण म्हणतात हे आठवेना. हातावर हात चोळून दाखवले. दुकानदार हसला, मीही हसले, आणि घरी येऊन आतून कडी लावून बसले.

मेले तर मेले. पण जिवंत राहून मुकी झाले तर एक काम कायमचे राहून जाईल. ते काम पाचव्या कलमात आहे. मला तेच आधी लिहायचे होते, पण नीला म्हणते मृत्युपत्रात आधी घरदार येते. म्हणून घरदार आधी.

१. अंबडचे माझे राहते घर, दोन खोल्या, पुढची ओसरी आणि मागच्या शेवग्यासकट, गोजरबाई कडूबा शेळके यांना द्यावे. गोजरबाई जाफराबादच्या दवाखान्यात माझ्या हाताखाली आया होत्या. बावीस वर्षे आम्ही एकत्र बाळंतपणे केली, आणि निवृत्तीनंतर त्या माझ्याकडेच राहायला आल्या. घर त्यांना मिळणार असल्याने कायद्याप्रमाणे त्या या कागदावर साक्षीदार होऊ शकत नाहीत. हे सांगितल्यावर त्या चिडल्या. "बावीस वर्सं तुमच्या बराबर ड्युटी केली, आन् सही करायला मी न्हाई चालत?" त्यांनी पेन धरून ठेवले होते, नीलाने ते हळूच काढून घेतले.

२. बँकेत आणि पोस्टात जे असेल ते गोजरबाईंच्या औषधपाण्याला. त्यांच्यामागे उरेल ते माझी भाची याएल हिला.

३. रक्तदाब मोजायचे यंत्र शेजारच्या सुरेखाबाईंना आजच हातात देऊन टाकले आहे, कारण त्या साक्षीदार आहेत आणि साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही घेता येत नाही. त्या शिक्षिका आहेत आणि गल्लीतले अर्धे लोक आताच त्यांच्याकडे आजार सांगायला जातात. नाळ कापायची कात्री कोणालाही देऊ नये, ती माझ्याबरोबर पुरावी.

माझ्या आईची पेटीही त्याच कारणाने नीलाला आजच देऊन टाकली. नीलाला वाजवता येत नाही, पण घरात पेटी असली की कोणीतरी वाजवतेच. या पेटीवर आई कीर्तन करायची. आमच्या लोकांत मराठी कीर्तन फार जुने आहे, आख्यान आमच्या हिब्रू शास्त्रातले, चाल आपली. पुरुष कीर्तनकार राजांची आणि लढायांची आख्याने लावत. आई म्हणायची, शास्त्रात जिथे बाई गप्प बसलेली दिसते तिथे थांबायचे आणि पदर खोचून विचारायचे, का गं बाई? जळत्या गावातून पळताना लोटाची बायको मागे वळून पाहते आणि मिठाचा खांब होते. पुरुष सांगत, बाईची जात, मोह सुटला नाही. आई सांगायची, तिच्या लग्न झालेल्या लेकी मागे गावातच राहिल्या होत्या, त्या येतात का ते बघायला ती वळली. ऐकणाऱ्या बाया पदर डोळ्याला लावायच्या.

त्यावर आमचे चुलते आईला चारचौघांत म्हणाले की बायकांनी गावे, अर्थ सांगू नये. त्यांचा एक चष्मा आमच्या घरी राहिला होता. तो मी अजून जपून ठेवला आहे. तो त्यांच्या मुलाकडे पोचता करावा आणि सांगावे की आता मागे वळून बघायला हरकत नाही.

४. मला जाळू नये. पुरावे, आणि त्याच दिवशी पुरावे. जालन्यात जागेची विचारपूस नीलाने करून ठेवली आहे. मला पांढऱ्या साध्या कापडात गुंडाळावे. नंतर घरी गोड पोह्यांचा मलिदा करावा, वर नारळ आणि फळे, आमचा संदेष्टा एलियाहू हन्नाबी याच्या नावाने. गोजरबाईंना तो येतो. कोणी लांबून यायचे असेल तरी माती थांबवू नये, आणि जो वेळेत पोचणार नाही त्याने माती देणाऱ्यांवर राग धरू नये. हे मी कोणत्या तोंडाने लिहिते ते पुढे कळेल.

५. आता शपथ.

मला एक धाकटी बहीण आहे, शोशन्ना. इस्राएलमध्ये दिमोना गावी असते. बत्तीस वर्षांत मी तिच्याशी एक शब्द बोललेली नाही.

१९९१ साली थळला आई वारली तेव्हा मी जाफराबादला होते. तार मिळाली, जी मिळाली ती एसटी पकडली, गाड्या बदलत दुसऱ्या दिवशी संध्याकाळी पोचले. आईला आदल्या दिवशीच माती दिली होती. आमच्यात मयत ठेवत नाहीत, आणि हे मला त्या दिवशीही चांगले माहीत होते. तरी मी कबरीच्या ओल्या मातीवर उभी राहून, देवाचे नाव घेऊन, शोशन्नाला म्हणाले, "तू आईला माझ्यासाठी थांबवलं नाहीस. मी मरेपर्यंत तुझ्याशी बोलणार नाही." ती म्हणाली, "येशील. आधी तूच येशील." आणि दोघी वाट बघत बसलो. मी मोठी, मी का जाऊ? ती म्हणणार, शपथ हिची, मी का जाऊ?

यात एक गोष्ट अडकली आहे. आईचे सगळ्यात मोठे आख्यान इफ्ताहच्या मुलीचे. इफ्ताह सरदार लढाईला जाताना नवस करतो, जिंकून आलो तर माझ्या दारातून जे पहिले बाहेर येईल ते देवाला अर्पण करीन. जिंकून येतो, आणि दारातून डफ वाजवत, नाचत त्याची एकुलती एक पोर बाहेर येते. हा पूर्वार्ध. पुढे पोर बापाशी वाद घालते, शास्त्राचे दाखले देते, म्हणते नवस सोडवता येतो, धर्मगुरूकडे जा. बाप म्हणतो, मी सरदार, मी त्याच्याकडे जाऊ? धर्मगुरू पिन्हास म्हणतो, मी धर्मगुरू, त्या अडाण्याच्या दारात मी जाऊ? दोघे आपापल्या जागी बसून राहिले आणि मधल्या मधे पोर मेली. त्या देशातल्या बायका दर वर्षी चार दिवस तिची आठवण काढतात. हा उत्तरार्ध.

आम्ही दोघी बहिणी लहानपणापासून भांडकुदळ. म्हणून आईने पूर्वार्धाची पदे आणि चाली फक्त शोशन्नाला शिकवल्या, उत्तरार्धाच्या फक्त मला. म्हणाली, आता सांगायची झाली तर दोघींना एका सतरंजीवर बसावेच लागेल.

जाफराबादला कळा देणाऱ्या बायांना मी ही गोष्ट साध्या बोलीत सांगायचे. त्या धर्मगुरूला आणि सरदाराला मोकळ्या शिव्या द्यायच्या. मीही त्यांच्यात सामील व्हायचे. वर्षानुवर्षे मी हीच गोष्ट सांगत होते आणि मला काही सुचले नाही.

दोन वर्षांपूर्वी याएलने कुठून तरी माझा नंबर मिळवला आणि मोडक्यातोडक्या मराठीत लिहिले, "मावशी, आई गोष्ट अर्धी गाते. पुढे मिल्काताईला माहीत म्हणते. तुम्ही फोन करा." मी उत्तर दिले नाही. शपथ बहिणीपुरती होती, भाचीशी बोलायला मला काय धाड भरली होती? पण तिच्याशी बोलले असते तर तिने फोन आईच्या हातात दिला असता, म्हणून घाबरले. उत्तरार्ध कागदावर उतरवूनही पाहिला. शब्द उतरतात, चाल उतरत नाही.

मी परिचारिका आहे, शपथेने गाठ होत नाही हे मला कळते. डोक्याच्या स्कॅनची फिल्म उजेडात धरली की मात्र कळेनासे होते. मी बोलणार नाही म्हणाले होते, आता बोलणेच काढून घेतात की काय, असे वाटते आणि मी फिल्म परत पाकिटात घालते.

आमच्या धर्मात शपथ सोडवता येते. तीन जणांसमोर उभे राहायचे, आपली चूक सांगायची, आणि तिघांनी तीनदा म्हणायचे की तू मोकळी आहेस. शास्त्र जाणणारे तीन पुरुष लागतात, असे आमचे चुलते म्हणाले असते. अंबडमध्ये मी सोडून यहुदी माणूस नाही, आणि गुरुवारला दोन दिवस आहेत. आईच्या रीतीने मी अर्थ लावला. सरदार गेला नाही, धर्मगुरू आला नाही. जे आले ते त्या पोरीसाठी दर वर्षी चार दिवस रडायला आले, आणि त्या बायका होत्या. म्हणून आज दुपारी मी नीला, सुरेखाबाई आणि गोजरबाई यांच्यासमोर उभी राहिले. हा अर्थ चुकीचा असेल तर त्याचे पाप माझे, त्या तिघींना लावू नये.

नीलाने विचारले, "हे असं होणार हे माहीत असतं, तर शपथ घेतली असती का?" मी म्हणाले, नसती घेतली. तिघींनी तीनदा म्हटले, "तू मोकळी आहेस." गोजरबाईंनी चौथ्यांदाही म्हटले.

६. हे कलम संध्याकाळी वाढवले आहे.

याएलकडून नंबर घेऊन नीलाने फोन लावला. "कोण?" शोशन्नाचा आवाज हुबेहूब आईसारखा झाला आहे. मला तोंडच उघडेना. गाठीने की भीतीने, ते मलाही सांगता येणार नाही. गोजरबाईंनी फोन ओढून घेतला.

"बाई, मी गोजरबाई. तुमची बहीण हितंच बसली हाय. लई भेली हाय, तोंडातून शबूद न्हाई निघून राह्यला. गुरुवारी डोस्कं उघडणार हाईत तिचं. मंग बोलता यील न्हाई यील, काई सांगता येत न्हाई. तुमीच बोला."

शोशन्ना बोलली नाही. ती गायला लागली. पूर्वार्ध, पहिल्या पदापासून. आवाज फाटतो आता तिचा, पण एक मात्रा इकडची तिकडे नाही. पोर डफ घेऊन दारात आली, आणि शोशन्ना थांबली, कारण पुढचे तिला येत नाही. पुढचे माझे. मी फोनकडे बघत बसले आणि मला पहिला शब्द आठवेना. सुरेखाबाईंनी माझा हात धरला.

तेवढ्यात गोजरबाई म्हणाल्या, "मला एक सांगा. बावीस वर्सं इचारीन म्हणत व्हते, दर वेळी कोणीतरी बाळंत व्हायची. बाप घरी आला, पोरगी दारात आली. आन् तिची माय कुठं व्हती त्या टायमाला?"

शोशन्ना म्हणाली, "ताई, माझ्या अर्ध्यात तिची आई नाही. तुझ्या अर्ध्यात आहे का?"

"माझ्याकडेही नाही," मी म्हणाले.

बत्तीस वर्षांनी मी तिच्याशी बोललेले हे पहिले वाक्य. मग पहिला शब्द आला, आणि मी उत्तरार्ध चालीसकट गायला. तीन ठिकाणी शब्द हरवला. तिन्ही वेळा शोशन्ना काही न बोलता थांबली, आणि तो सापडला. याएलने सगळे तिकडे फोनमध्ये भरून घेतले आहे.

आख्यानाचे दोन्ही भाग आता याएलचे. त्या मुलीच्या आईचा भाग आमच्या आईने आम्हा कोणालाच दिला नव्हता. तो गोजरबाई शेळके यांनी करावा आणि सांगावा, आणि त्या सांगतील तोच खरा धरावा, असे मी या मृत्युपत्राने ठरवते. नीला म्हणते, जी वस्तू आपल्याकडे नाही ती देता येत नाही. तरी लिही, म्हटले.

मला अजूनही भीती वाटते. उद्या सकाळी शोशन्ना परत फोन करणार आहे. गुरुवारनंतर मला बोलता आले नाही तर तिने रोज फोन करावा आणि तिनेच बोलावे. मी ऐकेन. ऐकते आहे हे गोजरबाई तिला सांगतील.

हे मृत्युपत्र मला वाचून दाखवले, बरोबर आहे.

(सही) मिल्का एलायजा थळकर
अंबड, जिल्हा जालना
मंगळवार, १४ मार्च २०२३

साक्षीदार:
श्रीमती मिल्काबाईंनी आम्हा दोघींच्या समक्ष सही केली आणि आम्ही त्यांच्या समक्ष केली. सही करताना त्यांचा हात कापत होता. तो भीतीने कापत होता आणि तसेच लिहा, असे त्यांनी आम्हाला स्वतःच्या तोंडाने, स्पष्ट शब्दांत सांगितले.

१. (सही) सुरेखा भारत जाधव, शिक्षिका, अंबड
२. (सही) अ‍ॅड. नीला गजानन कुलकर्णी, अंबड